चला, वळकटी बांधा

आधी चपला काढून हातात घ्या. सिल्लोडची वाट पाटलाच्या वाड्यावरून जाते आणि वाडा ओलांडेपर्यंत तुमच्या पायात वहाण दिसता कामा नये. हे इथं कुणी सांगत बसणार नाही, तुम्हाला ते जन्मापासून ठाऊक आहे असंच सगळे धरून चालतात. साल 1955, जून महिना. गाव सिल्लोडपासून दोन-तीन कोसांवर. तुमचं वय सतरा, मिसरूड नुकतं फुटलेलं, डोक्यावर पत्र्याची ट्रंक आणि काखेत सतरंजीची वळकटी. ट्रंक आधी दुसऱ्या कुणाची तरी होती, तिच्या झाकणावर नाव खरवडल्याच्या खुणा आहेत. कडी लागत नाही म्हणून वरून सुतळी बांधली आहे.

मिरग लागला तरी पाऊस नाही. सकाळीच फुफाटा तळव्यांना चटके देतोय. पुढं बाप चालतोय, तो काही बोलत नाही. पेरणीच्या तोंडावर घरातला एक माणूस निघून चाललाय आणि त्यानं त्याचा हिशोब कालच मनात करून टाकलाय. पुढच्या वर्षी येसकरकीची, म्हणजे गावच्या राखणी-चाकरीची, पाळी घरावर येईल तेव्हा काठी कुणी धरायची, हा दुसरा हिशोब अजून सुटलेला नाही. मायनं फडक्यात चार भाकरी आणि लसणाचा ठेचा बांधून दिलाय. तो ठेचा मोटारीत सगळ्यांना कळणार आहे, आत्ताच सांगून ठेवतो.

सिल्लोड आलं. आता चपला घाला, बाजारात तुम्हाला कोण ओळखतंय! कापसाची सरकी, घोड्यांची लीद, गुळाच्या ढेपा, तळलेल्या भज्यांचं जुनं तेल, सगळ्याचा मिळून एक वास नाकात शिरतो. कचेरीपाशी लोकांची दाटी आहे. निजामाचं राज्य जाऊन सात वर्षं होत आली, तरी जुन्या दफ्तराची भाषा उर्दूच. गावचा कागद मोडीत, तालुक्याचा उर्दूत. तुमच्या बापानं आयुष्यभर दोन्हीवर अंगठा दिला आणि दोन्हींतलं एक अक्षर त्याला कळलं नाही. झाडाखाली बसलेला अर्जनवीस मात्र मजेत आहे. त्याच्यापुढं उकिडवी बसलेली माणसं त्याच्या बोरूकडं अशी बघतात की आता त्यातून पाऊस पडेल.

मोटार यायला अवकाश आहे. चहा घेऊ या का? घ्या. पण फळीवरच्या कपांना हात लावू नका. तुमचा कप बाहेर खिडकीच्या कोनाड्यात आहे, कान तुटलेला. तो स्वतः उचलायचा, मालक वरून चहा ओततो, पिऊन झाला की स्वतः विसळून परत तिथंच ठेवायचा. गंमत अशी की याच महिन्याच्या 1 तारखेपासून असा कप ठेवणं देशभर दंडाला पात्र झालंय. संसदेनं अस्पृश्यतेविरुद्धचा कायदा केला, तो छापला, लागूही झाला. कपाला अजून कुणी कळवलेलं नाही. चहा चांगला आहे हो, गोड आणि तिखट, आल्याचा. म्हणूनच जास्त राग येतो.

मोटारीत शिरा. बाकं लाकडी, खाली बोचकी, बोचक्यांत एक कोंबडी आणि खिडकीपाशी उलटी करायच्या बेतात असलेली एक बाई. कंडक्टरशी भाड्यावरून एकाची बाचाबाची चालू आहे. हाली की कलदार, म्हणजे निजामाचा रुपया की भारत सरकारचा? सात हाली म्हणजे सहा कलदार हा हिशोब या भागातल्या पोराला पाढ्यांच्या आधी येतो, आणि कलदार चालू झाला तरी म्हातारी माणसं मनातल्या मनात अजून हालीतच मोजतात. चाळीसेक मैलांचा रस्ता आहे. फुलंब्री मागं पडते. चौक्याचा घाट चढताना इंजिन तापतं, सगळे खाली उतरतात, ड्रायव्हर डबा घेऊन पाणी शोधायला जातो. डोंगरावर गवताची काडी नाही. तुम्ही भाकरी सोडता आणि ठेच्याचा वास सुटतो. शेजारचा म्हातारा विचारतो, "कुठं निघाला रे बाबा?"

"औरंगाबादला. कॉलेजात."

"कोणाचा तू?"

हा प्रश्न कधी ना कधी येतोच. तुम्ही गावाचं नाव सांगता, बापाचं सांगता, आडनाव गिळता. म्हातारा समजायचं ते समजतो आणि खिडकीबाहेर बघायला लागतो.

हर्सूल गेलं, दिल्ली दरवाजा आला. आत शिरताच शहर अंगावर येतं. टांगेवाल्यांचं "बचके, बचके", भट्टीतून निघणारा नान आणि पातेल्यात रटरटणारा खलिया, अत्तर, गटार, उन्हानं तापलेले दगड. ट्रंक आता दुप्पट जड झाली आहे. टांगा नको, पैसे लागतील. विचारत विचारत चला. बारापुल्ला दरवाज्यातून बाहेर पडलात की गर्दी एकदम तुटते. समोर मोकळं रान, लिंबाची झाडं, पाठीमागं डोंगराची रांग आणि त्या उघड्यावर उभी राहिलेली नवी इमारत. मिलिंद महाविद्यालय. चुन्याचा आणि ओल्या सिमेंटचा वास अजून गेलेला नाही.

जरा श्वास घ्या, तोवर थोडं सांगतो. पाच वर्षांपूर्वी, 1950 च्या जूनमध्ये, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीनं हे कॉलेज सुरू केलं. पुढच्या वर्षी 1 सप्टेंबरला राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद यांनी पायाचा दगड बसवला. त्याआधी मराठवाड्यातल्या पोराला पदवी हवी असेल तर हैदराबाद गाठावं लागायचं. रेल्वेनं रात्र काढून पाचशे किलोमीटर, आणि तिथं उस्मानिया विद्यापीठात बरीच वर्षं शिकवणं उर्दूतून. श्रीमंताचं पोरगं तेवढं जायचं. तुमच्यासारख्याच्या घरात हैदराबादचं नाव फक्त सरकारी शिक्क्यावर दिसायचं. बाबासाहेबांनी मुंबईत सिद्धार्थ कॉलेज आधीच काढलं होतं. दुसरं काढताना त्यांनी पुणं-नागपूर न निवडता सगळ्यात मागं पडलेला हा मुलूख निवडला, हे मला त्यांच्या मोठ्या निर्णयांपैकी एक वाटतं. इमारत उभी राहत असताना ते इथं येऊन राहत आणि बांधकामात जातीनं लक्ष घालत. कॉलेज सगळ्या जातीधर्मांसाठी खुलं होतं. खुलं ठेवावंच लागलं असतं म्हणा, कारण मॅट्रिक झालेली दलित पोरं तेव्हा या भागात बोटांवर मोजण्याइतकी.

झाला श्वास घेऊन? वसतिगृहाच्या कचेरीत जा. चष्मा लावलेले गृहस्थ रजिस्टर उघडतात. नाव, गाव, मार्क. तुम्ही उंबऱ्यापाशी उभे आहात, ते न बघताच म्हणतात, "आत या, बसा." खुर्ची आहे. तुम्ही खुर्चीकडं बघता, मग त्यांच्याकडं. शेवटी कडेला टेकता, अर्धे हवेत. असे अर्धे हवेत तुम्ही पुढचा महिनाभर बसणार आहात.

खोलीत दोन पोरं आधीच आली आहेत. एक बीडकडचा, तो तुमच्यातलाच. दुसरा परभणीकडचा, मांगाचा. आता खरं बोला. गावी तुम्ही त्याच्या घरचं पाणी प्यायला असतात का? तुमच्या मायनं पिऊ दिलं असतं का? चहाच्या कपानं ज्याला जाळलं तोच माणूस आपल्या खालची एक पायरी घट्ट धरून बसलेला असतो. परभणीचा पोरगा तुमच्या फडक्याकडं बघतो आणि विचारतो, "ठेचा हाय का रं?" भूक लागलीय त्याला. तुम्ही क्षणभर थांबता, आणि तो थांबलेला क्षण त्याला दिसतो. मग तुम्ही फडकं त्याच्यापुढं सरकवता. इथला तुमचा पहिला तास हा होता. वेळापत्रकात तो कुठं लिहिलेला नव्हता.

दुसरा तास संध्याकाळी. व्हरांड्याच्या टोकाला मोठा रांजण आहे, त्यावर लाकडी झाकण, झाकणावर पितळी तांब्या. दिवसभराच्या धुळीनं घसा कोरडा पडलाय. तुम्ही रांजणापाशी जाता आणि दोन हात अंतरावर उभे राहता. सवय आहे ना! विहिरीवर असंच उभं राहायचं, कुणाला तरी दया येईल आणि तो वरून ओंजळीत पाणी ओतेल. शाळेतही तेच, तहान लागली की शिपाई मोकळा होईपर्यंत थांबायचं. तुम्ही थांबता. एक पोरगा येतो, पितो, जातो. दुसरा येतो. तिसरा मागून ढकलतो, "घे ना, का पूजा घालायची रांजणाची?"

झाकण उचला. आतून गार हवा तोंडावर येते, ओल्या मातीचा वास. तांब्या बुडवा. बुडबुड आवाज होतो आणि तुमचा हात मनगटापर्यंत पाण्यात जातो. आभाळ कोसळत नाही, कुणी ओरडत नाही. पाणी बाटत नाही हे तुम्ही भाषणात शंभर वेळा ऐकलेलं होतं, टाळ्याही वाजवल्या होत्या. पण हाताला ते आज कळलं. तुम्ही दोन तांबे पिता, गरज नसताना तिसरा पिता. सदरा भिजतो.

समाज कसा बदलतो यावर मोठमोठे ग्रंथ आहेत. मला विचाराल तर त्यातलं अर्धं अधिक या रांजणापाशी घडलं. कायद्यानं कप फुटला नाही, पण रोज त्याच रांजणात तांब्या बुडवणारा पोरगा चार वर्षांनी कपाकडं कसा बघेल, ते बघा.

रात्रीच्या जेवणाला पंगत बसते. वरण असं की ताटाचा तळ दिसावा, भाकरी जाड, कांदा फुकट. गोंगाट इतका की वाढपी ओरडून विचारतो आणि तुम्ही ओरडून सांगता. कुणीतरी शिष्यवृत्तीची मनिऑर्डर आली का म्हणून विचारतं. मॅट्रिकनंतरच्या शिक्षणासाठीची ही सरकारी शिष्यवृत्ती बाबासाहेब व्हाइसरॉयच्या मंडळात असताना, 1944 च्या सुमारास सुरू झाली. पैसे उशिरा येतात, तोवर सगळं उधारीवर. जेवणानंतर खोल्याखोल्यांतून पुटपुटणं सुरू होतं. इंग्रजी शब्दांचे उच्चार, त्यातही प्रत्येक जिल्ह्याचा वेगळा. बाहेर डोंगराकडं कोल्हे ओरडतात. गावी घासलेटाचा दिवा बापाच्या एका शब्दावर विझायचा, तेल महाग म्हणून. इथं उशिरापर्यंत वाचत बसलात तर कुणी तेलाचा हिशोब मागत नाही. तेवढ्यानंच झोप उडते.

वर्गात तुमच्या बाकावर शहागंजातल्या एका दुकानदाराचा मुलगा बसतो, इस्त्रीचा सदरा आणि अत्तर. तुम्हाला वाटतं तो सरकेल. तो सरकत नाही, कारण बाक लहान आहे आणि त्याला टिपण उतरून घ्यायचंय तुमच्या वहीतून. प्राध्यापक बोट करून म्हणतात, "हं, आपण सांगा." तुम्ही मागं वळून बघता. मागं भिंत आहे. 'आपण' म्हणजे तुम्हीच. उत्तर येत होतं, पण घशातून बाहेर निघत नाही.

कॉलेजच्या नावाची गोष्ट इथं प्रत्येकाला पहिल्या आठवड्यात ऐकावी लागते, तुम्हीही ऐका. मिलिंद म्हणजे ग्रीक राजा मिनँडर. वादात भल्याभल्यांना गप्प करणारा. त्याची गाठ नागसेन नावाच्या भिक्खूशी पडली. नागसेनाची अट होती की बोलायचं तर पंडितासारखं बोलू, राजासारखं नको, कारण राजाला पटलं नाही की तो शिक्षा फर्मावतो. मिलिंदानं अट मानली, प्रश्न विचारले आणि पटलं ते कबूल केलं. म्हणून इमारत मिलिंदाची आणि भोवतीचं रान नागसेनवन. हरलेल्या राजाचं नाव कॉलेजला द्यायचं, ही कल्पना तुम्हाला आधी विचित्र वाटते. मग एका दुपारी ग्रंथालयात, नव्या बांधणीच्या डिंकाचा वास घेत, पाटलाला नागसेनाची अट घातली तर काय होईल याचा विचार तुमच्या मनात येतो आणि तुम्ही एकटेच हसता. ग्रंथपाल वर बघतात.

प्राचार्य म. भि. चिटणीस नाटकाचे भोक्ते. त्यांनीच लिहिलेलं 'युगयात्रा' पोरं बसवतात. तुमच्या वाट्याला बहुधा पडदा ओढायचं काम येईल, तक्रार करू नका. हे नाटक खुद्द बाबासाहेबांनी पाहिलं आणि नंतर नागपुरात, धम्मदीक्षेसाठी जमलेल्या अफाट जनसमुदायापुढंही ते झालं. बाबासाहेब येणार अशी नुसती कुणकुण लागली की आवार झाडून निघतं, झाडांना दोनदा पाणी मिळतं. मोटार आली की धुरळा, धावपळ. तुम्हाला गर्दीतून दिसते ती टोपी, काठी आणि थकलेली, सावकाश चाल. पुढं व्हायचं धाडस होत नाही. राहू द्या, तिथूनच बघा.

आता एक सहल. ट्रकमध्ये उभं राहून अजिंठ्याला. रस्ता तोच, ज्यानं तुम्ही आलात. सिल्लोड, गोळेगाव, अजिंठा गाव, घाट उतरून फर्दापूर. तुमच्या गावचा फाटा येतो आणि जातो. लेणी घरापासून इतकी जवळ, पण आयुष्यात पहिल्यांदा बघताय आणि तेही औरंगाबादेत कुणी सांगितलं म्हणून. वटवाघळांचा उग्र वास, पायाखाली गारवा. सगळे चित्रांच्या लेण्यांकडं पळतात. तुम्ही माझ्याबरोबर बाराव्या लेण्यात या. चित्र नाही, काही नाही. चौकोनी दालन, भोवती बारीक खोल्या आणि खोलीत दोन दोन दगडी ओटे. झोपायचे. एका व्यापाऱ्यानं दान दिल्याचा लेख भिंतीवर आहे. परभणीचा पोरगा ओट्यावर आडवा होतो, पाय लांबवतो आणि म्हणतो, "हे तर होस्टेलच की रं!" हसू नका, त्याला जे कळलं ते कित्येक पर्यटकांना कळत नाही. दोन हजार वर्षांपूर्वी इथं पोरं शिकायला राहत होती, पाण्याची टाकी होती, भिक्षेचं अन्न होतं, खर्च कुणी सावकार उचलत होता. औरंगाबादेत तुमच्या वसतिगृहाच्या मागच्या डोंगरातही बौद्ध लेणी आहेतच.

दिवाळीला घरी या. रात्री दाराशी माणसं जमतात, प्रत्येकाच्या हातात घडी पडलेला कागद. एकाचं मुंबईहून आलेलं पत्र, एकाची सावकाराची पावती. शेवटी चुलता कंबरेची गाठ सोडून खासरा पत्रकाची नक्कल काढतो. याच सुमारास, 1954-55 मध्ये, हैदराबाद राज्यभर पाहणी होऊन कोणत्या तुकड्यावर कोणाचा कब्जा हे नव्यानं लिहिलं गेलंय. तुम्ही कंदिलाजवळ धरून वाचता. रकान्यावर बोट ठेवता. चुलता जो तुकडा वीस वर्षं कसतोय, त्यापुढं नाव दुसऱ्याचं आहे. तुम्ही पुन्हा वाचता. कुणी बोलत नाही. चुन्याच्या डबीचं झाकण वाजतं.

"मग आता?" चुलता विचारतो.

"तहसीलला अर्ज द्यायचा. मी लिहितो."

अर्जनवीस लागणार नाही, हे गावाला दुसऱ्या दिवशी कळतं. पाटलालाही कळतं. कामावर बोलावणं येत नाही, दुकानदार उधारी बंद करतो. आजा तुमच्यावरच चिडतो. येसकरकी सुटली तर पोट कशावर भरणार, असा त्याचा सवाल आहे, आणि त्याचं तोंड बंद करता येईल असं उत्तर तुमच्याकडं नाही. कोपऱ्यात बहीण बसून ऐकतेय. तुमच्याहून हुशार आहे ती, हिशोब तोंडी करते. तिच्यासाठी ट्रंक कुणी मागून आणलेली नाही. नागसेनवनाची गोष्ट सांगताना आपण पोरांच्याच खोल्या दाखवतो, हे लक्षात असू द्या.

पुढची वर्षं भराभर उलटू. तुम्ही पदवी घेऊन बाहेर पडता तोवर 1958 च्या ऑगस्टमध्ये त्याच डोंगराच्या पायथ्याशी मराठवाडा विद्यापीठ उभं राहिलेलं असतं, हैदराबादचा शिक्का कायमचा सुटतो. तुम्ही शिक्षक होता, कुणी कारकून होतो, परभणीचा पोरगा वकिलीला जातो. गंगाधर पानतावणे 'अस्मिता' आणि मग 'अस्मितादर्श' ही नियतकालिकं काढतात, आणि ज्यांच्या घरात कधी कागद वाचला गेला नव्हता ती माणसं त्यात स्वतःबद्दल लिहायला लागतात. विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव मिळायला 14 जानेवारी 1994 उजाडावं लागलं, आणि त्यासाठीच्या लढ्यात गावोगाव घरं जळली. रांजण बदलला की सगळं सुरळीत होतं, असं मी म्हटलेलं नाही.

आलो परत. आजच्या सिल्लोडच्या बाजारात मिरचीचा खकाणा उडतोय, शिंका आवरा. मक्याच्या गाड्या, मोटारसायकली, क्लासच्या पाट्या. पाठीवर पिशव्या घेतलेल्या पोरी एस.टी.त चढताहेत. त्यांतल्या बऱ्याच जणींचं शिक्षण अजूनही यादीत नाव लागतंय की नाही, यावर अडलेलं असतं. कॉलेजच्या नव्हे, वसतिगृहाच्या यादीत.

तेव्हा एक करा. तुमच्या तालुक्यात एखादं वसतिगृह असेलच. उद्घाटनाला किंवा जयंतीच्या भाषणाला नको, एखाद्या साध्या मंगळवारी रात्री जेवणाच्या वेळी जा. पंगतीत बसा, वरण चाखून बघा, पाणी स्वतःच्या हातानं घ्या. मुलींचं वसतिगृह असेल तर आधी अधीक्षिकेला विचारून जा. आणि काही कमी दिसलं तर त्याच आठवड्यात अर्ज लिहा. तुम्हाला लिहिता येतं.